विसळलेलं पाणी आणि निलंबनाचा ठराव

माझे सासरे मला दोन हाका मारतात. घरात 'सूनबाई' आणि दूध सोसायटीत 'सेक्रेटरी'. घरात मी त्यांच्यासाठी 'तू' असते, सोसायटीच्या उंबऱ्याच्या आत पाऊल टाकलं की 'तुमी'. मीही घरात त्यांना आबा म्हणते आणि सोसायटीत चेअरमनसाहेब. घर आणि सोसायटी यांच्यात दीडशे पावलांचं अंतर, त्यामुळे दिवसातून चार वेळा आमचं नातं बदलतं. एकदा त्यांनी सोसायटीच्या फोनवर 'सूनबाई हाय का?' असं विचारलं, तेव्हा मी 'सेक्रेटरी बोलतेय, काय काम आहे?' असं उत्तर दिलं होतं. त्यांनी मुकाट फोन ठेवला आणि दळण आणायला स्वतःच गेले.

सासऱ्यांनी सुनेला नोकरीला चिकटवलं, असं पुष्कळांना वाटतं. खरं उलट आहे. मी आधी सेक्रेटरी झाले, मग सून. माझं माहेर बेलापूरच्या अलीकडे, तिथून मी स्कूटीवर यायचे. आबांनी माझी सभेची इतिवृत्तं वाचली, अक्षर पाहिलं आणि मग मुलाला माझा फोटो दाखवला. दर वार्षिक सभेत विरोधी गटातलं कुणीतरी उठून 'घरचीच सेक्रेटरी' असं म्हणतं आणि मी नेमणुकीचं पत्र तारखेसकट काढून दाखवते. अशा वेळी मला फार बरं वाटतं. हातात कागद असला की मी कुणाच्या बापाला भीत नाही, मग सासरा कुठला? हा स्वभाव चांगला की वाईट, हे मला विचारू नका. माझ्या नवऱ्याला विचारा. तो सुप्याच्या कारखान्यात कामाला आहे, आठवड्यातून एकदा घरी येतो आणि त्याचं उत्तर ठरलेलं आहे.

आमच्या सोसायटीत पगारी माणसं तीन: मी, कॅन धुणाऱ्या मावशी आणि टेस्टर. टेस्टर पन्नाशीचा, काटकुळा, गळ्यापर्यंत बटणं लावलेला इस्त्रीचा शर्ट घालून पहाटे साडेपाचला हजर. दूध आलं की नमुना घ्यायचा, मशीनला लावायचा, पडद्यावर आकडे आले की मोठ्यानं वाचायचे. शंका आली तर तो नमुना काचेच्या नळीत ओततो, त्यात डिग्री सोडतो आणि ती स्थिर होईपर्यंत श्वास रोखून बघतो. डिग्री म्हणजे दुधात तरंगणारी काचेची कांडी. अठ्ठावीसच्या वर थांबली तर दूध चोख, खाली बुडाली तर पाणी. पाणी दिसलं की दूध माघारी, मग सभासद कुणी का असेना, हा नियम आबांनीच वार्षिक सभेत टेबलावर मूठ आपटून करून घेतलेला. गावातली माणसं माझ्याशी सुतळीच्या तोड्यावरूनही वाद घालतात, पण टेस्टरनं दूध माघारी लावलं तर मान खाली घालून घेऊन जातात. त्याचा कधी कुणी राग धरलेला मी पाहिला नाही.

आणि एका सकाळी त्यानं आबांचं दूध माघारी लावलं.

एरवी आमचा कॅन मीच घेऊन येते. त्या दिवशी आबांना श्रीरामपूरला बैठकीला जायचं होतं, म्हणून पांढरेशुभ्र कपडे, कडक टोपी, मोटरसायकलच्या मागे कॅन, अशा थाटात ते आले. रांगेत तीस-चाळीस माणसं. आबांना रांग नको म्हणून लोकांनी वाट दिली. मी आतल्या टेबलाशी होते. मशीनची नेहमीची पीप-पीप ऐकू आली, पण आकडे वाचल्याचा आवाज आला नाही, म्हणून मान वर केली. टेस्टर मशीन पुसत होता. त्यानं दुसरा नमुना लावला. पुन्हा काही बोलला नाही. मग काचेची नळी काढली. रांगेतली बडबड हळूहळू थांबली. डिग्री स्थिर झाल्यावर त्यानं कॅनचं झाकण नीट बसवलं आणि कॅनची कडी आबांच्या हाताशी येईल असा तो फिरवून ठेवला.

"आबा, आज दूध माघारी न्या."

"का?"

"सव्वीस हाय."

"काय सव्वीस?"

"डिग्री."

"आरं, कुनाच्या दुधाला बोलतुयास तू? मशीन बिघाडलंय तुजं."

"दोनदा बगितलं, आबा. मागनं काचंनं बी बगितलं."

"मंग तुजे डोळे बिघाडलेत!"

रांगेच्या शेवटाला कुणीतरी फिस्सकन हसलं. माझं ठाम मत आहे की ते हसू नसतं, तर पुढचं काहीच घडलं नसतं. आबांच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या.

"उद्यापास्नं यायचं न्हाई! सस्पेंड हायेस तू! सेक्रेटरी, आर्डर लिवा!"

खरं सांगायचं तर त्या क्षणी मला दोघांचाही राग आला. आबांचा आला तो आरडाओरडा केला म्हणून. टेस्टरचा आला तो चारचौघांत बोलला म्हणून. कानात सांगितलं असतं तर काय बिघडलं असतं, असं मला वाटलं. आमच्याच घरचं दूध होतं ना. नियम दुसऱ्याला लागतो तोवर मलाही फार गोड वाटतो.

श्रीरामपूरची बैठक राहिली बाजूला. आबा आत आले आणि माझ्यासमोरच्या खुर्चीत बसले.

"लिवा."

"काय लिहू?"

"सस्पेंड केलं म्हनून."

"कारण?"

"उद्धटपना."

"तो तर आबा, आबा करत होता."

"मंग कामात कसूर."

"म्हणजे दूध तपासलं, ही कसूर?"

मी कपाटातून सेवानियम काढले. हे नियम तालुक्याच्या गावाहून झेरॉक्स करून आणलेले. सोसायटी निघाली तेव्हा पहिल्याच सभेत 'वाचले असे समजून' मंजूर झाले होते आणि त्यांवर सूचक म्हणून आबांचीच सही होती. आमच्याकडे नियम मंजूर करायला एक मिनिट लागतं, कारण ते कुणी वाचत नाही. मी वाचले होते. नोकरी नवी होती तेव्हा दुपारी करायला दुसरं काही नव्हतं.

"निलंबित करण्याचा अधिकार व्यवस्थापक समितीचा," मी बोट ठेवून वाचू लागले. "चेअरमनचा एकट्याचा नाही. अफरातफर, मारामारी असं तातडीचं काही झालं तरच चेअरमन लेखी हुकूम काढू शकतात, आणि तोही सात दिवसांत समितीनं मंजूर केला नाही तर आपोआप रद्द. सेवकावर आरोप काय ते लिहून द्यायचं, त्याचं म्हणणं ऐकायचं. आणि निलंबन ही शिक्षा नव्हे, चौकशीपुरतं बाजूला ठेवणं आहे."

"म्हंजे मी चेअरमन आसून मला एका मानसाला घरी बशिवता येत न्हाई?"

"एकट्याला नाही."

"मंग मी चेअरमन कशाला झालो?"

"सभेचं अध्यक्षस्थान घ्यायला. तेवढं नियमात स्पष्ट आहे."

हे मी बोलायला नको होतं, पण बोलून गेले. आबांनी झेरॉक्स स्वतःकडे ओढली. "आन् समितीनं बशिवला तर?"

"तर चौकशी होईपर्यंत अर्धा पगार द्यायचा."

"काम न करता?"

"हो."

"आसं आसंल तर मलाच करा की सस्पेंड!" ते उठले, दारापर्यंत गेले, परत वळले. "सभा बोलवा."

"तीन दिवसांची नोटीस लागते."

"काढा नोटीस!"

मी नोटीस काढली. विषय क्रमांक एक: टेस्टर यांच्या निलंबनाबाबत विचार करणे. अक्षर नेहमीसारखं छान आलं, पण मन लागत नव्हतं.

दुपारी घरी गेले तर माघारी आलेल्या दुधाचं विरजण लावून झालं होतं. निकाल लागेपर्यंत सोसायटीत दूध घालायचं नाही, असं आबांनी बजावलं होतं, म्हणून पुढचे तीन दिवस आम्ही कढी खाल्ली: साधी कढी, पकोड्यांची कढी आणि तिसऱ्या दिवशी नुसतीच कढी. आबा पाटावर बसले, पण माझ्याशी बोलेनात. सासूबाईंकडे बघून म्हणाले, "सेक्रेटरीला म्हनावं, भाकरी वाढा."

मी म्हटलं, "आई, त्यांना सांगा, सेक्रेटरी घरात नाहीत. सूनबाई आहे."

"मंग सूनबाईला म्हनावं, सेक्रेटरीला सांग, सासऱ्याच्या इज्जतीपरीस झेरॉक्स मोठी नसती."

"तुमी दोघं आपापसात काय ती बोला," सासूबाई म्हणाल्या. "माज्या घशाला कोरड पडली." त्यांनी भाकरी दोघांच्याही ताटात आदळली. नवऱ्याला फोन केला, तर तो म्हणाला, "मी ह्यात न्हाई. मी शनिवारी येतो, तवर मिटवा." त्यानं इतक्या घाईनं फोन ठेवला की मला हसू आलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सोसायटीत गेले तर टेस्टर रस्त्यापलीकडे मोरीच्या कठड्यावर बसलेला. तोच इस्त्रीचा शर्ट, तीच गळ्यापर्यंत बटणं. आत मशीनपुढे खुद्द आबा. रांग अजिबात कुरकुरत नव्हती, उलट आनंदात होती. याचं कारण मला थोड्या वेळानं कळलं. पहिला नमुना म्हशीच्या दुधाचा होता, आणि प्रत्येक नमुन्याआधी मशीनचं एक बटण दाबायचं असतं ते आबांना माहीत नव्हतं. त्यामुळे पुढच्या दहा-अकरा जणांच्या गाईच्या दुधाला म्हशीचेच आकडे आणि म्हशीचाच भाव लागत होता. शेवटी एका म्हाताऱ्यालाच राहवेना.

"आबा, माजी गाय आज म्हैस झाली का वो?"

मी तोंड दाबत बाहेर गेले आणि टेस्टरपाशी उभी राहिले. म्हटलं, "तुम्हाला लेखी काही मिळालंय का?"

"न्हाई, म्याडम."

"मग तुम्ही कामावर आहात. तोंडी सस्पेंड असं काही नसतं. आत चला."

तो उठला नाही. बसल्या बसल्याच म्हणाला, "म्याडम, पगाराचं सोडा. चार गुंठे जास्त खुरपीन. पन मी आजवर लई जनांचं दूध माघारी लावलं. ज्याचं लावलं त्यानं मुकाट न्हेलं. आता मला घरी बशिवलं, तर ती समदी म्हनतील, ह्याची काचच खोटी हुती. मंग मी ह्या गावात राहू कसा?"

मला माझीच लाज वाटली. आदल्या दिवशी मला वाटलं होतं, कानात सांगायला काय झालं होतं. कानात सांगून आबांचं दूध घेतलं असतं, तर त्या माणसाजवळ दुसऱ्या कुणाचंही दूध माघारी लावायला तोंड उरलं नसतं, हे माझ्या डोक्यात आलंच नव्हतं. एवढंच म्हटलं, "चला, लोक खोळंबलेत."

तो आत आला. आबा मशीनवर थापा मारत होते. "बिघाडलंय ह्ये," ते कुणाकडेही न बघता म्हणाले. टेस्टरनं 'व्हय आबा' म्हटलं, बटण दाबलं आणि पुढचा नमुना लावला. आबा मागच्या दारानं निघून गेले.

त्याच वेळी त्यांनी विषय मागे घेतला असता तर बरं झालं असतं. पण आबा एकदा बोलले की बोलले. सात जणांची समिती. बाकीच्या सहा जणांच्या घरी ते त्या दिवशी मोटरसायकलवर जाऊन आले, आणि आले ते जरा खुशीत. चार जणांनी 'आबा, तुमच्या शब्दाभाईर न्हाई' असं सांगितलं होतं, हे मला सासूबाईंकडून कळलं. सातातले चार म्हणजे खेळ संपला. नियम मीच दाखवले होते आणि आता त्याच नियमानं टेस्टर घरी बसणार होता. मला जेवण गेलं नाही, अर्थात कढी होती हेही कारण असेल.

सभेच्या आदल्या दिवशी संध्याकाळी धारा काढायची पाळी माझी होती. आमच्या चार गाई, पण त्या आठवड्यात दोन गाभण असल्यानं आटवलेल्या, म्हणून दूध निम्मं. दूध कॅनमध्ये ओतलं. मग नेहमीप्रमाणे तांब्याभर पाणी घेतलं, पहिल्या बादलीत फिरवलं आणि ते बादलीला लागलेल्या दुधासकट कॅनमध्ये ओतलं. मग दुसरी बादली. मग गाळणं. मग चरवी. आणि शेवटचा तांब्या ओतताना माझा हात थांबला.

हे मी जन्मभर करत आले आहे. माझ्या आईनं केलं, तिच्या आईनं केलं. आमटीचं पातेलं विसळून पाणी आमटीत, ताकाचं भांडं विसळून पाणी ताकात, दुधाची बादली विसळून पाणी दुधात. त्यात कसलाही विचार नसतो, हातच करतो. चार गाईंच्या दुधात ते चार तांबे लपून जात होते. दोन गाईंच्या दुधात लपले नाहीत. आणि टेस्टरनं दूध माघारी लावलं, त्या दिवशी सकाळची पाळीही माझीच होती.

"थांबलीस का गं? वत की," सासूबाई गोठ्याच्या दारातून म्हणाल्या.

"आई, हे पाणी आहे."

"पानी न्हाई ती. इसळन हाय. भांड्याला लागलेली लक्ष्मी ती, ती काय मोरीत टाकायची?"

मी दीडशे पावलं पळत गेले, कपाटातली जादा डिग्री आणि नळी आणली. विसळण्याआधी घरच्या चहासाठी थोडं दूध काढून ठेवलं होतं, ते एकोणतीस. कॅनमधलं सव्वीस. सासूबाईंनी काचेत डोकावून बघितलं, पदर तोंडाला लावला आणि मटकन खाली बसल्या. "आगं बाई," त्या म्हणाल्या, "आपुन येवढी वर्सं डेरीला पानी घातलं?" थोड्या वेळानं म्हणाल्या, "ह्यास्नी सांगू नगं. ह्यो मानूस रानात जाऊन बसंल."

मी सांगितलं नाही. सासूबाईंचं ऐकलं असं नाही. मला भीती वाटली. सोसायटीची सेक्रेटरी, कागद दाखवून सगळ्यांना गप्प करणारी, आणि दुधात पाणी घालते. विरोधी गटाला आयतं कोलीत. नोकरी जाईल असं वाटलं, लोक हसतील असं वाटलं, आणि दुसरी भीती पहिलीपेक्षा मोठी होती.

सभा दुपारी तीनला होती. सातही जण आले. आबा खुर्चीत बसले आणि त्यांनी विषय क्रमांक एक पुकारला. मी उभी राहिले.

"चेअरमनसाहेब, तपासलेलं दूध आपल्या घरचं आहे. ज्या विषयात सभासदाचं स्वतःचं काम गुंतलंय, त्या विषयापुरतं त्यानं सभेत बसायचं नाही, असा नियम आहे."

"आनकी किती नियम हायेत त्या झेरॉक्सात?"

"आणखी आठ पानं आहेत."

कुणीतरी खोकून हसू लपवलं. आबा उठले आणि बाहेर ओट्यावरच्या बाकावर जाऊन बसले. खिडकी उघडीच होती, त्यामुळे त्यांची टोपी आम्हाला दिसत होती. खुर्चीत उपाध्यक्ष बसले. ते निवृत्त शिक्षक, सगळे त्यांना गुरुजी म्हणतात. त्यांनी टेस्टरला बोलावलं आणि त्याचं म्हणणं विचारलं.

"दूध सव्वीस हुतं," टेस्टर म्हणाला. एवढंच.

मग इकडचं तिकडचं सुरू झालं. आबांनी सोसायटी उभी केली. आबांचा मान. माणसानं वेळ बघून बोलावं. शेवटी एक सदस्य त्याला समजावणीच्या सुरात म्हणाला, "आरं, माफी मागून टाक. इषय मिटला."

"माफी मागतो की," टेस्टर म्हणाला. "पन सव्वीसचं आठ्ठावीस कसं करू?"

उत्तर सापडलं नाही की माणसं मतदान मागतात. गुरुजींनी 'निलंबनाच्या बाजूनं कोण?' असं विचारलं. तीन हात वर गेले, चौथा गुडघ्यावरून उचलला जात होता. मी पेन खाली ठेवलं.

"दुधात पाणी मी घातलं," मी म्हणाले.

चौथा हात तिथेच थांबला. मी सगळं सांगितलं: चार तांबे, दोन आटवलेल्या गाई, चहासाठी काढलेलं एकोणतीस, कॅनमधलं सव्वीस. मी बोलत होते आणि खिडकीतली टोपी अजिबात हलत नव्हती.

"म्हंजे बादली इसळून?" चौथ्या हाताचा मालक म्हणाला. "ती तर आमच्यात बी इसळत्यात."

"आमची म्हातारी तर किटली बी इसळती."

"आमची गाळनं तीनदा इसळती."

"आहो, इसळल्याबिगर भांडं मोरीत कसं टाकायचं?"

"मंग आता सस्पेंड कुनाला करायचं? समद्या बायांना?"

"सेक्रेटरीला करा!" कुणीतरी म्हणालं.

"सेक्रेटरीला करायचं असेल तर वेगळी नोटीस लागेल," मी म्हणाले. "तीन दिवसांची."

यावर जे हसू फुटलं ते गुरुजींना टेबल वाजवूनही आवरेना. ते स्वतःच डोळे पुसत होते. वर गेलेले तिन्ही हात कधी खाली आले ते कुणाच्याच लक्षात आलं नाही. टेस्टर तेवढा हसत नव्हता. सगळे शांत झाल्यावर तो म्हणाला, "माजं येक म्हननं हाय. मला बोलले ती चारचौघांत बोलले. आता नुसतं तोंडी मिटवू नका. लिवा."

गुरुजींनी मला लिहायला सांगितलं आणि आबांना आत बोलावलं. ते आले, पण खुर्चीत बसले नाहीत, भिंतीला टेकून उभे राहिले. त्यांच्या चेहऱ्यावरून मला काही कळेना. तोवर संध्याकाळच्या दुधाची वेळ झाली होती. माणसं कॅन घेऊन ओट्यावर जमली होती आणि निम्मी खिडकीशी. मी ठराव लिहिला आणि वाचून दाखवला.

"टेस्टर यांनी एका सभासदाचे दूध तपासून परत केले, ती तपासणी बरोबर होती. दुधात पाणी होते. टेस्टर यांची काहीही चूक नाही. सबब निलंबनाचा विषय फेटाळण्यात येत आहे."

"येका सभासदाचं?" आबा म्हणाले. सभेतला तो एक टोमणा सोडला तर तीन दिवसांत ते पहिल्यांदाच माझ्याशी सरळ बोलत होते. "कोन सभासद?"

गुरुजी म्हणाले, "आबा, असू द्या. सगळ्यांना माहीत आहे."

"माह्यती आसू द्या, न्हाई तर नसू द्या. मी त्याला बोललो ती नाव घिऊन बोललो. नाव लिवा, सेक्रेटरी. माजं. वडलांच्या नावासकट."

मी 'एका सभासदाचे' खोडलं आणि वर त्यांचं पूर्ण नाव लिहिलं, त्यापुढे 'चेअरमन' लिहिलं. अक्षर इतकं वाईट आलं की आजही ते पान उघडलं की मला ओशाळल्यासारखं होतं. आबांनी वाकून वाचलं, मग वही उचलली आणि टेस्टरच्या हातात दिली.

"वाच. खिडकीकडं तोंड कर, आन् मोठ्यानं वाच."

टेस्टर वाचू लागला. दूध संकलनाचे आकडे वाचणारा त्याचा आवाज सगळ्या गावाच्या ओळखीचा आहे, खणखणीत, एका सुरातला. पण आज तो नावापाशी आला आणि अडला. त्यानं वहीवरून नजर उचलून आबांकडे पाहिलं, पुन्हा खाली पाहिलं आणि ते नाव गाळून पुढचा शब्द धरला.

"थांब," आबा म्हणाले. "गाळू नगंस. नाव बी वाच."

टेस्टरनं सुरुवातीपासून पुन्हा वाचायला घेतलं आणि या वेळी आबांचं नाव वडिलांच्या नावासकट मोठ्यानं वाचलं. मला रडू फुटलं.